अर्धं निळं घर

"छप्पन्नशे," खिडकीमागून कारकून वामनराव म्हणाले आणि त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला.

बायजाबाईला वाटलं, हा माणूस दुसऱ्याच कोणाचं खातं उघडून बसला आहे. तिने पदराखालची कापडी पिशवी आणखी घट्ट धरली. पिशवीत चार हजार रुपये होते आणि त्यावर संत्राबर्फीचा पुडा. सीताबर्डीवर बसमधून उतरल्याबरोबर तिने तो घेतला होता. पैसे भरायचे, पावती घ्यायची, कचेरीतल्या सगळ्यांच्या हातावर एकेक वडी ठेवायची आणि घराचे कागद घेऊन घरी जायचं, असा बेत होता. त्यासाठी तिने भावाच्या लग्नातलं लुगडं नेसलं होतं, आणि रुपरावांनी रजा टाकून इस्त्रीचा सदरा घातला होता.

"साहेब, ढोके. रुपराव ढोके," रुपराव अदबीने म्हणाले. "टेका नाक्यापलीकडचा ले-आउट. वीस सालाचं कर्ज हाय, दहा सालं झाले. अर्धे राह्यले. चार हजार."

"तेच बघतोय मी. आठ हजार कर्ज. आजवर भरलेत आठ हजार तीनशे. एकही हप्ता चुकला नाही. मुद्दल बाकी छप्पन्नशे. शिवाय मुदतीच्या आत खातं बंद करायचं तर त्याचा आकार वेगळा."

आठ हजार घेतले, आठ हजार तीनशे भरले आणि अजून छप्पन्नशे बाकी. बायजाबाई चौथीपर्यंत शिकलेली होती आणि हे गणित तिला चौथीतल्या कुठल्याच रीतीत बसवता येईना. तिने नवऱ्याकडे पाहिलं. नळाला पाणी नाही म्हणून चाळीस बायका अंगावर धावून आल्या तरी न डगमगणारा हा माणूस खिडकीच्या गजाला धरून उभा होता.

रुपराव कार्पोरेशनच्या पाणीखात्यात चावीवाले होते. पहाटे सायकलवर लांबलचक लोखंडी चावी आडवी बांधून निघायचे, आणि एकेका मोहल्ल्याचं पाणी सोडत, बंद करत फिरायचे. या चावीनेच त्यांनी घर मोजलं होतं, आणि ती गोष्ट साऱ्या ले-आउटला ठाऊक होती.

त्याला कारण भैय्याजी. भैय्याजी या गृहतारण सोसायटीचे अध्यक्ष. अडुसष्ट साली त्यांनी ले-आउटमधल्या लिंबाखाली सतरंजी टाकून सभा घेतली होती. पांढरीशुभ्र टोपी, हसरा चेहरा, आणि बोलणं असं की ऐकणाऱ्याला तिथल्या तिथे आपलं घर उभं दिसावं. भाडं भरून तुमच्या हाती काय उरतं, असं त्यांनी विचारलं होतं. इथे हप्ता भराल तर दर महिन्याला घर तेवढं तेवढं तुमचं होत जाईल. वीस वर्षांत अख्खं घर तुमचं. महिना फक्त सत्तर रुपये.

सत्तर रुपये सगळ्यांनी ऐकले. वीस वर्षांचा गुणाकार कोणी केला नाही. महिन्याच्या पगारावर जगणारा माणूस महिन्यापलीकडे मोजत नाही, हे भैय्याजींना पक्कं माहीत असावं. कागदावर साडेआठ टक्के लिहिलं होतं, तेही रुपरावांनी वाचलं होतं. शंभरामागे साडेआठ म्हणजे आठ हजारांमागे सहाशे ऐंशी. माणसं उभी राहून घर बांधून देतात, त्यांनी सहाशे ऐंशी घ्यावेत, त्यात वावगं काय, असं म्हणून त्यांनी सही ठोकली. हे सहाशे ऐंशी दर वर्षाचे, हे सांगायला त्या लिंबाखाली कोणाची जीभ वळली नाही.

पण भैय्याजींचं दुसरं वाक्य रुपरावांनी अगदी शब्दाला शब्द धरलं. दर महिन्याला तेवढं तेवढं घर तुमचं. घर विटांचं, बिनगिलाव्याचं मिळालं होतं. पहिल्या वर्षाचे हप्ते भरून झाल्यावर विजयादशमीच्या आदल्या दिवशी रुपरावांनी चावी आणली आणि घराची लांबी मोजून तिचे वीस भाग पाडले. समोरचा एक भाग त्यांनी सिमेंटने गिलावला आणि चुन्यात नीळ कालवून रंगवला. एवढं आपलं, म्हणाले. उरलेलं सोसायटीचं. परक्याच्या भिंतीला आपण चुना काहून लावायचा?

मग दरसाल तेच. दीक्षाभूमीवर येणारे गावाकडचे पाहुणे मुक्कामाला असले की रुपराव त्यांना भिंतीपाशी नेऊन दाखवायचे, औंदा खिडकीपर्यंत आलो. पाहुणे चेष्टा करायचे. एकाने विचारलं होतं, झोपताना पाय सोसायटीकडे करता का डोकं. रुपरावही हसायचे. पण नियम म्हणजे नियम. सोसायटीच्या भागात गिलावा नाही, रंग नाही, साधा खिळासुद्धा नाही.

आणि त्या सोसायटीच्या भागात बायजाबाईची चूल होती.

मोजणी समोरून सुरू केली होती ना. येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसावं म्हणून. त्यामुळे स्वयंपाकघराची पाळी सर्वांत शेवटी येणार होती. दहा वर्षं ती उघड्या विटांपुढे भाकरी थापत होती. विटांच्या सांध्यांत धूर बसून सगळी भिंत काजळली होती. पावसाळ्यात पाणी झिरपायचं, उन्हाळ्यात भेगांतून विंचू निघायचे. त्यातला एक लेकीला, शामलाला चावला तेव्हा पोर रात्रभर तळमळत होती. दुसऱ्या दिवशी बायजाबाईने स्वतः माती कालवली आणि भेगा बुजवायला बसली. रुपरावांनी तिचा हात धरला नाही, रागावलेही नाहीत. एवढंच म्हणाले की अजून काही सालं थांब, मग सिमेंटचं करू. ती थांबली. थांबण्यात या बाईचा हात कोणी धरू शकला नसता.

आता निळा रंग बरोबर मधल्या दरवाजापर्यंत पोचला होता. अर्धं घर निळं, अर्धं लाल. आणि अशातच कळमेश्वरला बायजाबाईच्या बापाचं, धोंडबाचं वावर कारखान्यांच्या वसाहतीसाठी सरकारने घेतलं. मोबदला आला. भावांनी बहिणीची सही घेतली, पण हिस्साही दिला, चार हजार. सगळ्यांना वाटलं, जमीन गेली पण लेकीचं घर सुटलं. धोंडबाने स्वतःच्या हाताने नोटा मोजून दिल्या आणि तिला म्हणाला, माह्या वावरातून तुह्या चुलीची भित पुरी होऊ दे.

यात आणखी एक गोष्ट अडकली होती, आणि खरं म्हणजे बायजाबाईचा सगळा जीव तिच्यात होता. शामला मॅट्रिक होऊन दोन वर्षं झाली होती. पहिल्या वर्गात पास. शास्त्र शिकायचं म्हणत होती. फी सरकार माफ करत होतं, तो प्रश्न नव्हता. पण शामला दिवसभर एका शिंप्याकडच्या ब्लाउजांना हुका लावायची, काजं करायची, आणि तिच्या त्या पैशांवर हप्ता तोललेला होता. पोरगी कॉलेजात गेली की हप्ता चुकणार. म्हणून रुपराव तिला म्हणाले होते, घर सुटू दे, मग तू. घरावरचं ओझं आज उतरलं तर जुलैत तिचं नाव कॉलेजात घालायचं, असं ठरलं होतं. सकाळी निघताना तिने बापाच्या सदऱ्याला आपण होऊन इस्त्री करून दिली होती.

"असं कसं होते साहेब?" रुपरावांनी विचारलं. "अर्धी मुदत गेली ना?"

वामनराव काही वाईट माणूस नव्हते. त्यांनी खातं फिरवून खिडकीतून दाखवलं. पहिल्या महिन्याच्या सत्तर रुपयांतले सत्तावन्न व्याजात गेले होते आणि मुदलात पडले तेरा. दुसऱ्या महिन्यातही तेरा. पहिली काही वर्षं असंच चालतं, ते म्हणाले, आधी व्याज, मग मुद्दल. शेवटी शेवटी मुद्दल भराभर फिटतं. सगळ्यांचं असंच असतं. रुपरावांनी विचारलं की मग हे चार हजार तरी घ्या, तेवढं ओझं कमी करा. वामनरावांनी मान हलवली. नियमात बसत नाही. घेतले तर आगाऊ हप्ते म्हणून जमा होतील, व्याज ठरलं तेवढंच लागेल.

म्हणजे हळू फेडलं तरी यांचा फायदा आणि लवकर फेडायला गेलं तरी यांचाच. बायजाबाईच्या डोक्यात सणक गेली. तिने नवऱ्याला बाजूला केलं, वामनरावांना विचारलं की भैय्याजी कुठे बसतात, आणि उत्तराची वाट न पाहता आतल्या दारातून सरळ केबिनमध्ये गेली. रुपराव मागून, चपला बाहेर काढाव्यात की नाही या विचारात.

भैय्याजी दहा वर्षांत गोल झाले होते. डोक्यावर पंखा होता, टेबलावर काच. त्यांनी ओळखल्यासारखं केलं, बसा म्हणाले, चहा सांगू का विचारलं. बायजाबाई बसली नाही. तिने सगळं सांगितलं तेव्हा ते समजुतीने हसले. लहान मुलाच्या प्रश्नाला मोठी माणसं हसतात तसं ते हसणं होतं, आणि त्यानेच तिचा उरलासुरला धाक गेला.

"बाई, कर्ज असंच असते," भैय्याजी म्हणाले. "मी काही लपवलं नाही. कागदावर सगळं आहे. तुमच्या मालकांनी वाचून सही केली."

"कागदावर हाय," बायजाबाई म्हणाली. "पण लिंबाखाली तुमी कागद नाई वाचला. लिंबाखाली तुमी म्हनलं, दर महिन्याले घर तेवढं तुमचं. आमच्या मालकानं थेच धरलं. घर मोजू मोजू रंगवलं."

भैय्याजींना यातलं काही कळलं नाही. रंगाचा इथे काय संबंध, असं त्यांच्या चेहऱ्यावर होतं.

"वीस सालात आमी किती भरू, थे सांगा," ती म्हणाली.

दारात येऊन उभ्या राहिलेल्या वामनरावांनी हळूच सांगितलं, साडेसोळा हजारांच्या वर.

"आठ हजाराचं घर. साडेसोळा हजार भरू. म्हंजे दोन घरं झाले." बायजाबाईचा आवाज चढला नव्हता, उलट उतरला होता. "एकात आमी राहून राह्यलो. दुसरं कोठी हाय?"

भैय्याजींनी टोपी काढून टेबलावर ठेवली आणि मग काहीतरी पैशाच्या किमतीबद्दल, सोसायटीलाही वरून व्याज भरावं लागतं त्याबद्दल बोलू लागले. ते खोटं होतं असंही नाही. पण ते सगळं दहा वर्षांपूर्वी, सहीच्या आधी बोलायचं होतं. तेव्हा त्यांना वेळ नव्हता. बायजाबाई ऐकायला थांबली नाही.

बाहेर बसथांब्यावर दोघं येऊन बसली. ऊन मी म्हणत होतं. रुपराव जमिनीकडे पाहतच बोलायला लागले.

"समजलं मले," ते म्हणाले. "लायनीचं असंच असते वं. टाकीतून पाणी सोडलं का पयले मोठ्या लोकाईच्या हौदात भरते. थे भरले का मंग बारीक धार पुढं जाते. शेवटच्या नळाले हंडाभर. मी रोज पाहून राह्यलो. अन् आपल्याच लायनीत व्याजाचा हौद पयला हाय, हे मले दहा सालात दिसलं नाई."

शेवटच्या नळावर बायजाबाई आयुष्यभर उभी राहिली होती. तिला यापेक्षा जास्त समजावून सांगायची गरज नव्हती. तिने पुड्याची दोरी सोडली. एक वडी नवऱ्याच्या हातावर ठेवली, एक स्वतः तोंडात टाकली. विकत घेतलेली वस्तू, ती काय आता त्या कचेरीत वाटायची होती?

घरी आल्यावर रुपराव सदरासुद्धा न काढता खुरपं घेऊन बाहेर आले. चावी भिंतीला लावून त्यांनी मोजायला सुरुवात केली. आठ हजारांतलं मुद्दल फिटलं चोवीसशे, दहातले तीन, म्हणजे वीसातले सहा. निळ्या रंगाची खरी हद्द मधल्या दरवाजापाशी नव्हतीच, समोरच्या खिडकीपाशी होती. तिथून पुढचा रंग खोटा. त्यांनी खुरप्याने तो खरवडायला घेतला. निळ्या पापुद्र्यांचा खच पायाशी पडू लागला. शेजारची इंदूबाई कुंपणापाशी येऊन उभी राहिली. शामला दारात आली, हातात सुई, आणि काय झालं ते न विचारताच तिला समजलं. ती आत जाऊन पुन्हा ब्लाउजाला हुका लावायला बसली.

ते पाहिलं आणि बायजाबाईच्या संतापाने जागा बदलली. भैय्याजी तर होतेच. पण हा तिचा नवराही, सचोटीचा, हप्ता न चुकवणारा, याने दहा वर्षं त्या सोसायटीला स्वतःच्या घरात राहायला जागा दिली होती. तिच्या चुलीपाशी. तिच्या पोरीच्या वहीपुस्तकापाशी.

ती पुढे झाली आणि तिने खुरपं काढून घेतलं.

"त्यायनं पैसे नेले," ती म्हणाली. "रंग काहून देता? हा रंग तुमच्या हातचा हाय. सिमेंट आपल्या पैशाचं हाय. थे काई त्यायच्या खात्यात नाई."

"पन हे आपलं नाई वं," रुपराव म्हणाले. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं.

"ज्या घरात मी दहा सालं भाकर थापली थे माह्यं हाय. कागद त्यायच्यापाशी राहू द्या. आता मी सांगतो तसं करा. बाबानं देल्ले पैसे मी कोनाले देत नाई. थ्या पैशातून दर महिन्याले हप्ता जाईन. पाच सालं जाईन. शामली उद्यापासून हुका लावनार नाई. अन् पयले सिमेंट आना. चुलीपासून सुरू करा."

रुपरावांनी चावी उचलून सायकलला बांधली, उतरत्या उन्हात निघाले आणि सिमेंटचं पोतं घेऊन आले.

भिंत गिलावायला दोन दिवस लागले. दहा वर्षांची काजळी काही केल्या सुटेना, रुपरावांनी ती तारेच्या ब्रशाने घासली, शामलाने पाणी मारलं. चुन्यात नीळ बायजाबाईने कालवली, जरा जास्तच. वाळल्यावर चुलीमागची भिंत समोरच्या भिंतीपेक्षा गडद दिसायला लागली, आणि तिला तशीच हवी होती. मग रुपरावांनी हातोडी घेतली. आपण खिळा ठोकणार आहोत हे त्यांनाच खरं वाटत नव्हतं, दोनदा बोटावर बसली. त्या खिळ्याला शामलाची कॉलेजची पिशवी लटकली. घराच्या मधोमध थोड्या लाल विटा तेवढ्या राहिल्या, त्याही दिवाळीच्या आत झाकल्या गेल्या.

हप्ते मात्र गेले. सगळे गेले. धोंडबाच्या वावराचे पैसे संपले तेव्हा शामला कळमेश्वरच्या शाळेत शास्त्र शिकवायला लागली होती, आणि तिचं लग्न होईपर्यंत काही हप्ते तिच्या पगारातून गेले. रुपराव दर महिन्याला स्वतः जाऊन भरून यायचे. खिडकीशी ते आता काही बोलत नसत. भैय्याजी मध्येच वारले, त्यांच्या जागी त्यांचा पुतण्या बसला, लिंबाच्या जागी किराण्याचं दुकान झालं.

अठ्ठ्याऐंशी साली शेवटचा हप्ता पडला आणि कागद मिळाले. रुपराव तोवर निवृत्त झाले होते, चावी खात्यात जमा केली होती. ते एकटेच गेले आणि कागद घेऊन आले. बायजाबाईने ते हातात घेतले, दोन्ही बाजूंनी पाहिले आणि पेटीत साड्यांखाली ठेवून दिले. बर्फी कोणी आणली नव्हती. इंदूबाईने विचारलं, आता तरी झालं ना घर तुमचं. बायजाबाई म्हणाली, थे कवाचंच झालं.

संध्याकाळी ती भाकरी टाकत होती. चुलीशेजारच्या खिडकीतून बाजूचा मोकळा प्लॉट दिसायचा. भंडाऱ्याच्या कोणाचा तरी होता, मालक वर्षानुवर्षं फिरकला नव्हता, कमरेएवढं गाजरगवत माजलं होतं. त्या गवतात तिला रुपराव दिसले. हातात चावी नव्हती म्हणून पावलाने मोजत होते. थोडं चालायचे, वाकून गवत बाजूला करायचे आणि विटेचा तुकडा ठेवायचे. मग वळायचे. तिला आधी वाटलं, काही हरवलंय. चौथा तुकडा ठेवला तेव्हा तिला समजलं.

तव्यावरची भाकरी उतरवून ती खिडकीपाशी येऊन उभी राहिली. ते मागच्या बाजूने मोजत होते. आधी स्वयंपाकघर, मग पुढची खोली. जागा मोठी धरली होती, इथल्यापेक्षा बरीच मोठी. गवताची कुसळं धोतराला चिकटली होती आणि ते कोणाच्याच नसलेल्या त्या जागेत अगदी मन लावून घर आखत होते, जसं एखादं पोटापाण्याचं काम करावं. साडेसोळा हजारांतलं ते दुसरं घर. बायजाबाईच्या मनात आलं, हाक मारावी, आत बोलवावं, लोक काय म्हणतील. मग तिने पदराने कपाळ पुसलं.

"चुलीपाशी खिडकी ठेवजा," ती गजांतून म्हणाली.

रुपरावांनी वर पाहिलं. मान हलवली. पुन्हा मागे आले, वाकले, आणि दोन तुकड्यांच्या मध्ये खिडकीएवढी जागा सोडून तिसरा तुकडा पुढे सरकवला.